पांढरी चार आणि काळी तीन यांच्यामध्ये

एकंदर एकेचाळीस जागा मी दुरुस्त केल्या. त्यांतली एकही चुकलेली नव्हती. हे मला कळायला जवळपास दीड वर्ष लागलं, आणि तोवर ज्याला विचारायचं तो माणूस राहिला नव्हता.

१९९० साली मी सौदीच्या पूर्व किनाऱ्यावर, जुबैलला, एका पेट्रोकेमिकल कारखान्यात होतो. वय बेचाळीस. माझं काम कॅलिब्रेशनचं. कारखान्यात दाब, तापमान, प्रवाह मोजणारी दोनेक हजार उपकरणं होती. ती पाळीपाळीने आमच्या शॉपमध्ये यायची. प्रमाण उपकरणाशी ताडून पाहायचं, काटा किती चुकतोय ते कच्च्या कागदावर लिहायचं, काटा बरोबर जागी आणायचा, आणि पक्कं सर्टिफिकेट करायचं. पक्कं झालं की कच्चा कागद फाडायचा, हा आमच्या शॉपचा नियम होता. एका गेजचे दोन आकडे फिरत राहिले तर ऑपरेटर कुठला खरा धरणार? नियम मीच घातला होता आणि मला त्याचा अभिमान होता.

त्याच कारखान्यात कंप्रेसरवर चार स्विस माणसं होती. चौघंही आल्प्समधल्या एकाच खोऱ्यातली. त्यांचा प्रमुख फोरमन होता, वय अठ्ठावन्न, बुटका, हाताचे पंजे मोठे, इंग्रजी माझ्याहून कच्चं. बाकीच्या तिघांत एक वेल्डिंग इन्स्पेक्टर होता, तो अकॉर्डियन वाजवायचा, एक व्हायोलिन आणि एक डबल बास. दर गुरुवारी, म्हणजे तिकडच्या सुटीच्या दिवशी, दुपारी तीन ते पाच हे चौघं आमच्या कंपाउंडच्या, म्हणजे कंपनीच्या वसाहतीच्या, लाँड्रीत बसून त्यांच्या डोंगरातलं संगीत वाजवायचे. लाँड्रीतच का, तर तिच्या भिंती जाड होत्या आणि आवाज कंपाउंडच्या कुंपणाबाहेर जात नव्हता. बाहेर गेला असता तर तिथल्या कायद्यात चाललं नसतं. आम्ही भारतीय लोक त्यांना डोंगरवाले म्हणायचो.

त्यांचं सगळ्यांत मोठं वाद्य होतं आल्पहॉर्न. लाकडाचं सरळ लांब शिंग, टोकाला वर वळलेलं, जमिनीवर टेकवून फुंकायचं. ते फोरमनने तिथेच बनवलं होतं. कंप्रेसरचे सुटे भाग त्यांच्या देशातून ज्या खोक्यांत यायचे, त्या खोक्यांच्या फळ्या स्प्रूसच्या, म्हणजे देवदारासारख्या हलक्या लाकडाच्या असत. स्टोअरकीपर रत्नागिरीकडचे भाई होते, माझ्याशी घरच्यासारखे. फोरमन फळ्या मागायला आला तेव्हा मी तिथेच होतो. त्याने एकेक फळी उचलून, बोटाने वाजवून, कानाला लावून बाजूला काढली. चाळीसातल्या पाच घेतल्या.

भाई मला म्हणाले, "साहेब, आमच्याकडे असल्या फळ्यांत आंबा भरतात. हा कानाला लावून काय बघतोय, पिकलाय की नाही?"

"त्याचं वाद्य करणार आहे."

"करू दे. गेटपासवर काय लिहू? भंगार की वाद्य?"

"भंगार लिहा."

"लिहितो. वाजलं तर खोडू."

वाजलं. मी टेपने मोजलं, तीन मीटर पंचेचाळीस.

डोंगरवाल्यांशी माझी ओळख झाली ती अकॉर्डियनमुळे. समुद्राकाठच्या दमट हवेने त्याच्या पोलादी पट्ट्यांना गंज धरला आणि काही सूर उतरले. माझ्याकडे हार्मोनियम होती. आमच्या आठ-दहा मराठी घरांत दार लावून, पडदे ओढून आरत्या नि भजनं व्हायची, त्यात मी पेटी धरायचो. पेटीच्या पट्ट्या घासून सूर लावायला मी नाशकात एका पेटीवाल्याकडे बसून शिकलो होतो. तेव्हा अकॉर्डियनच्या पट्ट्याही मी शॉपमधल्या फ्रीक्वेन्सी मीटरवर मोजून, बारीक कानशीने घासून सारख्या करून दिल्या. फोरमन खूश झाला. त्या दिवसापासून तो मला "मिस्टर झीरो" म्हणायला लागला, कारण माझ्या सर्टिफिकेटवर 'चूक किती' या रकान्यात शून्य असायचं.

मग दर गुरुवारी मी लाँड्रीत बसू लागलो. बायकोला सांगायचो कपडे टाकायला जातो, आणि ती म्हणायची, "अहो, मग कपडे तरी न्या."

हॉर्नच्या धुना चौघांनाही यायच्या. पण फोरमनकडे आणखी काही होतं, जे बाकीच्यांकडे नव्हतं. तो गायचा. शब्द नाहीत, नुसते हो-लो-यु असे बोल, आणि गळा खालच्या आवाजातून एकदम वरच्या आवाजात उडी मारायचा. गुरं हाकताना, दूध काढताना, संध्याकाळी कुरणातून पलीकडच्या कुरणाला हाक घालताना गायच्या या धुना. त्याच्या वडिलांकडून आणि शेजारच्या एका म्हातारीकडून त्याने त्या घेतल्या होत्या. दोघंही केव्हाच गेली होती. गावात आता पितळी बँड होता आणि तो मार्च वाजवायचा. तिघे साथीदार त्याच्या मागून वाजवायचे, पण गायला कुणी धजत नव्हतं. लिहिलेलं काहीच नव्हतं. चौघांनाही स्वरलिपी वाचता येत नव्हती. म्हणजे एका खोऱ्याचं गाणं जुबैलच्या लाँड्रीत, एका माणसाच्या गळ्यात होतं, आणि त्या माणसाला दिवसाला दोन पाकिटं सिगारेट लागायची.

आता तो सूर.

हॉर्नच्या वरच्या भागात एक सूर यायचा तो मला पहिल्या दिवशीच खटकला. पेटीवर पांढरी एकचा सा धरला तर पांढरी चार हा शुद्ध म, आणि तिच्याशेजारची काळी तीन हा तीव्र म. हॉर्नचा सूर या दोन्हींवर बसत नव्हता. मी मीटर लावून मोजला. जवळजवळ बरोबर मध्ये. मी मनात म्हटलं, खोक्याच्या फळ्यांचं हॉर्न, हाताने कोरलेलं, एवढी चूक राहणारच. फोरमनला मी ते सांगितलंसुद्धा. तो म्हणाला, "हॉर्न तसंच बोलतं." मला वाटलं, तो ओशाळून बोलतोय.

नंतर लक्षात आलं की गातानाही तो तोच सूर लावतो. त्याचाही मी खुलासा करून टाकला. ज्या ऑपरेटरला वर्षानुवर्षं चुकलेलं गेज बघायची सवय असते, त्याला तोच आकडा खरा वाटायला लागतो. चुकलेल्या हॉर्नने याचा गळा चुकवला. हा विचार मला इतका पटला की मी तो घरी बायकोलाही ऐकवला. तिने गाणं शिकलेलं नाही, पण कान फार चांगला. फोरमन कधी कधी चहाला यायचा तेव्हा तिने ते गाणं ऐकलं होतं. ती म्हणाली, "चुकलेला नाहीये तो. दर वेळी तिथेच लागतो. चुकलेला असता तर हलला असता."

मी म्हटलं, "गेजसुद्धा दर वेळी तेवढंच चुकतं. त्याला ठरावीक चूक म्हणतात."

"बरं," ती म्हणाली.

ऑगस्टमध्ये इराकी फौज कुवेतमध्ये शिरली. कुवेतची हद्द आमच्यापासून गाडीने तीन तासांवर. महामार्गावर आधी निर्वासितांच्या गाड्या दिसल्या, टपावर गाद्या बांधलेल्या, आणि मग उलट्या दिशेने रणगाडे. कंपाउंडमधली कुटुंबं हळूहळू कमी होऊ लागली. माझी बायको जायला तयार नव्हती. पासपोर्ट कंपनीकडे, हातात फक्त इकामा, म्हणजे तिथला राहण्याचा परवाना, आणि एक्झिट व्हिसा मागितला तर परत घेतील की नाही याची खात्री नाही. ती म्हणाली, "जायचं तर तिघं, नाहीतर तिघं इथे." मुलगी तेव्हा दहा वर्षांची होती. शाळा बंद होणार म्हणून तीच काय ती खुशीत होती.

नोव्हेंबरात तिघे डोंगरवाले गेले. कंप्रेसरचं एक मोठं काम अर्धवट होतं म्हणून फोरमन जानेवारीपर्यंत राहिला. एका दुपारी तो माझ्याकडे आला आणि उभ्या उभ्याच म्हणाला, "तुम्ही लिहिता. मी लिहीत नाही. माझ्या धुना लिहून घ्या."

मला आनंद झाला हे कबूल करतो. माझ्या सवयीचा, माझ्या अक्षराचा कुणाला इतका उपयोग होईल असं वाटलं नव्हतं. तो जाताना सहज म्हणाला की हवं तर टेपरेकॉर्डरही आणतो. मीच त्याला नको म्हटलं. मी सांगितलं की बॅटरी उतरली की टेपचा वेग दोन-तीन टक्क्यांनी बदलतो, गरम हवेत टेप ताणली जाते, आणि विमानतळावर कॅसेट काढून घेतली तर सगळंच गेलं. कागदाचं तसं नसतं. यातला शब्द न् शब्द खरा आहे.

अकरा बैठका झाल्या. तो सोफ्यावर बसून, डोळे मिटून गायचा, मी समोर पेटी घेऊन बसायचो. एक ओळ तो गाणार, मी वाजवून दाखवणार, त्याने मान हलवली की सा रे ग म मध्ये लिहिणार. तेवीस धुना झाल्या. पहिल्याच दिवशी तो सूर आला. मी शुद्ध म वाजवला. त्याने मान हलवली, नाही अशी. मी तीव्र म वाजवला. नाही. मग तो उठून माझ्याजवळ आला, वाकला, आणि आपलं जाडजूड बोट पांढरी चार आणि काळी तीन यांच्यामधल्या फटीवर ठेवलं.

"इथे," तो म्हणाला.

"इथे काही नाही," मी म्हटलं.

"ही तुमच्या पेटीची अडचण आहे, मिस्टर झीरो."

स्वयंपाकघरातून बायको हसली. मीही हसलो. वहीत मी म लिहिला आणि त्याच्या डोक्यावर पेन्सिलने एक फुली केली. पुढे जिथे जिथे तो सूर आला तिथे तिथे फुली. शेवटी मोजल्या, एकेचाळीस भरल्या. सगळे म असे नव्हते. काही धुनांत तो साधा शुद्ध मही लावायचा, आणि दोन्हींत गल्लत कधी करायचा नाही. हे तेव्हाच माझ्या लक्षात यायला हवं होतं. ज्याचा गळा चुकलेला आहे त्याचा शुद्ध म बरोबर कसा लागेल?

जानेवारीच्या पहिल्या आठवड्यात तो गेला. जाताना म्हणाला, "हॉर्न नेता येत नाही. बघा काही करता आलं तर." मी माझ्या हॉलची लांबी मोजली, तीन मीटर वीस. हॉर्न बसत नाही म्हणून मी ते लाँड्रीतच राहू दिलं. पुढे पुष्कळ दिवसांनी माझ्या मनात आलं की हॉलची रुंदी दोन मीटर ऐंशी होती. कोपऱ्यातून कोपऱ्यात तिरकं ठेवलं असतं तर सव्वाचार मीटर मिळत होते. आठवीतला हिशेब. मी केला नाही, कारण हॉलमध्ये तिरकं काही ठेवायचं असतं हे माझ्या डोक्यातच येत नाही.

पंधरवड्याच्या आत लढाई सुरू झाली. आम्ही एका खोलीच्या खिडक्यांना प्लॅस्टिक लावून कडा चिकटपट्टीने बंद केल्या. कंपनीने विषारी वायूपासून बचावाचे मुखवटे दिले. भोंगा झाला की तिघं त्या खोलीत. कारखाना थोडक्या माणसांवर चालू होता, मला दुपारी घरी बसायला वेळ होता. भीती वाटायची, आणि भीती वाटली की मी काहीतरी नीटनेटकं करायला घेतो. मी वहीची पक्की प्रत करायला घेतली.

दोनशे पानी नवी वही, शाईचं पेन, पट्टीने आखलेले रकाने. बायको त्याच टेबलाच्या दुसऱ्या टोकाला तांदूळ निवडत होती, मुलगी खाली बसून चित्र काढत होती. पहिल्या फुलीशी मी थांबलो. पक्क्या प्रतीत फुली कशी ठेवणार? फुली म्हणजे ठरलेलं नाही. ज्या कागदावर न ठरलेलं काही आहे त्यावर मी आयुष्यात सही केलेली नाही. तेव्हा ठरवणं भाग होतं. सूर दोन्हींच्या बरोबर मध्ये असल्यामुळे जवळचा घ्यावा हा नियम लागू पडेना. मग मला आपल्या रागांची पद्धत सुचली. काही रागांत चढताना तीव्र म घेतात नि उतरताना शुद्ध. तसं केलं तर ऐकायलाही गोड लागत होतं. चढत्या ओळींतल्या पंधरा जागी मी तीव्र म लिहिला, उतरत्या ओळींतल्या सव्वीस जागी शुद्ध.

बायकोने मान वर केली. "त्या फुल्या घेत नाही आहात का?"

"फुलीची पट्टी कुठल्या पेटीवर असते?"

"त्यांच्याकडे पेटी कुठे आहे?"

"म्हणूनच. पेटी नाही म्हणून ते इतकी वर्षं तसं गात आले."

"पण तसं गात आले ना," ती म्हणाली. "मग तेच लिहा."

"डॅडी, मम्मी इज राइट," मुलगी खालून म्हणाली. तिला विषय माहीत नव्हता. ती नेहमीच आईच्या बाजूची. मी दोघींना म्हटलं की या घरात एका तरी माणसाला आपलं काम करू द्या.

नऊ दुपारी लागल्या. पुढे एक पान जोडलं, त्यात आपल्या स्वरांची त्यांच्या पद्धतीशी सांगड घालून दिली, म्हणजे तिकडच्या कुणालाही वाचता यावं. काम चोख झालं होतं. मग मी नियमाप्रमाणे कच्ची वही घेतली, चार चार पानं धरून फाडली आणि जुन्या चिकटपट्टीच्या बोळ्यांबरोबर कचऱ्यात टाकली. बायको बघत होती. ती उठून आत गेली, आणि मला ते बरं वाटलं.

मार्चमध्ये पोस्ट सुरळीत झाल्यावर पक्की प्रत रजिस्टरने फोरमनच्या पत्त्यावर रवाना केली. त्याच आठवड्यात लाँड्रीकडे गेलो. जाड भिंतींमुळे लाँड्रीचा आसरा केला होता, आणि माणसांना जागा हवी म्हणून हॉर्न बाहेर भिंतीला टेकवलेलं होतं. कुवेतच्या पेटलेल्या विहिरींचा धूर इकडे यायचा, त्यात पडलेला पाऊसही काळा. हॉर्नवर काजळीचा थर बसला होता, वरचं वेताचं गुंडाळण सुटलं होतं आणि लाकूड दोन जागी उभं तडकलं होतं. मी भाईंना बोलावून आणलं. त्यांनी हॉर्नभोवती एक फेरी मारली.

"गेटपासवर भंगार लिहिलेलं ते खोडायचं राहिलंच, साहेब," ते म्हणाले. मग माझं तोंड बघून म्हणाले, "आत ठेवायला सांगितलं असतंत तर माझ्या स्टोअरात जागा होती. साठ फुटी शेड आहे माझी."

मला सुचलंच नव्हतं.

फोरमनकडून उत्तर आलं नाही. मी समजलो, तो लिहीत नाही. पुढच्या वर्षी उन्हाळ्यात एक जाड पाकीट आलं, उघडून पुन्हा चिकटवलेलं. आत अकॉर्डियनवाल्याचं पत्र आणि एक कॅसेट. पत्राचा आशय असा: फोरमन घरी पोहोचल्यावर महिन्याभरात त्याला अर्धांगाचा झटका आला. वाचा गेली. माझी वही आली तेव्हा तो अंथरुणावर होता. गावातल्या शाळामास्तरांनी माझ्या सांगडीच्या पानावरून सगळं त्यांच्या लिपीत उतरवलं आणि एकेक धून त्याला पियानोवर वाजवून दाखवली. ऐकताना तो मधूनच मान हलवायचा. डॉक्टर म्हणाले, या आजारात असं होतं. सप्टेंबरात तो गेला. त्यानंतर गावातल्या अकरा तरुण मुलामुलींनी मास्तरांकडून तेवीसच्या तेवीस धुना बसवल्या. आता दर रविवारी सराव असतो. 'हे सगळं तुमच्यामुळे वाचलं,' त्याने लिहिलं होतं. 'तुमचं नाव आम्ही वहीच्या पहिल्या पानावर घातलं आहे.'

मी पत्र बायकोला वाचून दाखवलं. मान हलवायच्या वाक्याशी ती म्हणाली, "पुन्हा वाचा." मी पुन्हा वाचलं. तिने विचारलं, "कुठे हलवायचा, लिहिलंय का?" लिहिलेलं नव्हतं. लिहायची गरजच नव्हती. त्याचं मान हलवणं मी अकरा बैठका पाहिलं होतं. हो असं कसं हलवायचा आणि नाही असं कसं, मला माहीत होतं.

कॅसेट लावली. मुलं चांगलं गात होती, सुरेल, एकजीव. चढताना तीव्र म, उतरताना शुद्ध म. एकही जागा डळमळीत नाही. आमच्या कंपाउंडात पडदे ओढून व्हायच्या त्या भजनांत ते गाणं खपून गेलं असतं. दोन डोंगरांच्या मधून एक माणूस दुसऱ्याला हाक मारतोय असं जे मला लाँड्रीतसुद्धा वाटायचं, ते त्यात कुठेच नव्हतं. धून संपली आणि मुलगी, जी आता बारा वर्षांची होती, म्हणाली, "नाइस है, पर अंकल का वाला नहीं है."

त्यानंतर मी चौकशी केली, जी आधी करायला हवी होती. दम्मामच्या एका ब्रिटिश शाळेतल्या संगीतशिक्षकाला भाईंच्या ओळखीने गाठलं. त्याने पाच मिनिटांत सांगितलं की कुठल्याही आल्पहॉर्नमध्ये तो सूर तिथेच लागतो. बिनछिद्राच्या लांब नळीचाच तो धर्म आहे. लाकूड खोक्याचं असो की त्यांच्या डोंगरातलं. आणि जुन्या खोऱ्यांत गळेही त्यावरच घडलेले असतात. म्हणजे हॉर्नने फोरमनचा गळा चुकवला नव्हता. तो त्यांचा प्रमाण सूर होता. चुकलेलं उपकरण ताडून बघायला मी प्रमाण म्हणून जी पेटी वापरली, तीच त्या कामाची नव्हती. असली चूक माझ्या हाताखालच्या माणसाने केली असती तर मी त्याला लेखी ताकीद दिली असती.

मी हिशेबाला बसलो. पक्क्या वहीची नक्कल माझ्याकडे होती. तीव्र म फक्त फुलीच्याच जागी लिहिलेले होते, म्हणजे ते पंधरा नक्की परत मिळत होते. पण उतरत्या ओळींत एकूण त्रेसष्ट शुद्ध म होते. त्यांतले सदतीस खरे, सव्वीस माझे. कुठले सव्वीस, ते फक्त कच्ची वही सांगू शकली असती.

बायकोला मी सगळ्या ओळी वाजवून दाखवल्या. ती एकेका ठिकाणी थांबवायची, "इथे तो वर थोडा धरायचा," असं म्हणून गाऊन दाखवायची. पेटी तिला त्रास देत होती. सूर ऐकला की गळा तिकडे ओढला जातो. तरी नऊ जागा तिने खात्रीने सांगितल्या. मी विचारलं, "बाकीच्या?" ती म्हणाली, "अंदाजाने सांगू? मग तुमच्यात आणि माझ्यात फरक काय?"

मी अकॉर्डियनवाल्याला पत्र लिहिलं. काही लपवलं नाही. पंधरा जागांची यादी, नऊ जागांची यादी, आणि उरलेल्या सतरा कुठल्या ते मला माहीत नाही, हे. टेप मी नको म्हटलं होतं तेही लिहिलं. पहिल्या पानावरचं माझं नाव काढावं अशी विनंती केली.

उत्तर चार महिन्यांनी आलं, सौम्य शब्दांत. चोवीस जागा त्यांनी बदलल्या होत्या. मुलांना जड गेलं, पण हॉर्नशेजारी उभं करून सराव घेतल्यावर जमू लागलं. सतरा जागा तशाच ठेवल्या आहेत. 'ठाऊक नसताना आम्ही बदलल्या तर ती आमची चूक होईल. तुमची आहे तोवर निदान ती कुणाची ते माहीत आहे.' नाव काढलं नव्हतं. नावाखाली सतरा जागांबद्दल एक ओळ घातली होती. मला ते योग्य वाटलं. आजही वाटतं.

हे सगळं मी आता नाशकात बसून लिहितो आहे. मुलगी परदेशी असते. दोन-तीन वर्षांमागे एका सकाळी बायको ओट्याशी मेथी निवडता निवडता गुणगुणत होती. मी पेपर वाचत होतो. चौदाव्या धुनेची उतरती ओळ होती, आणि ती उतरताना त्या फटीवर थांबली, बरोबर मध्ये. ती जागा कळवलेल्या यादीत नव्हती हे मला लगेच आठवलं. हात वहीकडे गेला, पण या वेळी मी उठलो नाही. तिला पुरतं गाऊ दिलं. ती थांबल्यावर हळूच विचारलं, "हे पुन्हा एकदा म्हणशील?"

"काय म्हणत होते मी?"

मी सांगितलं. आणि तिला आठवावं म्हणून, दुसरं काही सुचलं नाही म्हणून, पेटी काढून आधीची ओळ वाजवून दिली. ती मागोमाग गायली. छान गायली. सूर पांढरी चारवर आला आणि स्थिर राहिला.

"हेच होतं ना?" तिने विचारलं.

मी भाता बंद केला. जे कानाने एकदाच ऐकलं ते मी खात्रीचं म्हणून कुणाला कळवू शकत नाही. न कळलेल्या जागा अजून सतराच आहेत.